संत मोनिका : सून, पत्नी आणि माता

दरवर्षी २७ ऑगस्ट रोजी ख्रिस्तसभा संत मोनिका हिचे पुण्यस्मरण करते आणि दुसऱ्याच दिवशी तिचा पुत्र संत ऑगस्टीन ह्याचा सण येतो. आपल्या धर्मग्रामांतील अनेक माता ह्या दिवशी आवर्जून मिस्साला येतात. कोणाचा मुलगा दारूच्या आहारी गेलेला असतो, कोणाचा देवळाची पायरी चढेनासा झालेला असतो, तर कोणाच्या लेकीचा संसार मोडण्याच्या बेतात असतो. मोनिकेकडे त्या पाहतात ते अश्रू ढाळणारी माता म्हणून. चित्रकारांनीही तिला पुष्कळदा तशीच रंगविली आहे. हे चित्र खोटे नाही, पण अपुरे आहे. छप्पन्न वर्षांच्या तिच्या आयुष्याचा मोठा भाग एका मध्यम स्थितीतील घराच्या चार भिंतींत, सासू, नवरा, दासी आणि तीन मुले ह्यांच्या गराड्यात गेला. त्या घरात उघड भांडणे फारशी झाली नाहीत. पुष्कळ गोष्टी बोलल्याच गेल्या नाहीत आणि त्यामुळे त्या अधिक जड झाल्या.

ह्या घराविषयी आपल्याला इतके तपशील ठाऊक आहेत ह्याचे श्रेय ऑगस्टीनला द्यावे लागेल. मातेच्या मृत्यूनंतर सुमारे दहा वर्षांनी, हिप्पो येथे बिशप झाल्यावर, इ.स. ३९७ च्या सुमारास त्याने आपला कन्फेशन्स हा ग्रंथ लिहावयास घेतला. त्याच्या नवव्या भागात त्याने आईचे चरित्र सांगितले आहे. संतांची चरित्रे लिहिणारे पुष्कळदा त्यांचे दोष झाकून टाकतात. ऑगस्टीनने तसे केले नाही. आईवर त्याचे अपार प्रेम होते, तरी तिचे कोठे चुकले असे त्याला वाटले तेही त्याने लिहून ठेवले. म्हणूनच सोळा शतकांनंतरही ते घर आपल्याला ओळखीचे वाटते.

मोनिकेचा जन्म इ.स. ३३१ किंवा ३३२ च्या सुमारास उत्तर आफ्रिकेतील तागास्ते ह्या गावी झाला. आज तेथे अल्जेरिया देशातील सूक अहरास हे शहर आहे. समुद्रापासून आत, डोंगराळ मुलखात वसलेले हे गाव त्या काळी रोमन साम्राज्यात मोडत असे. मोनिका हे नाव मात्र रोमन नाही. ते त्या भूमीतील मूळच्या बर्बर लोकांचे आहे असे अभ्यासक मानतात. तिचे माहेर ख्रिस्ती होते. घरातील मुलींना वळण लावण्याचे काम एका वृद्ध दासीकडे होते. मोनिकेचे वडील तान्हे असताना ह्याच दासीने त्यांना पाठीवर खेळविले होते, त्यामुळे घरात तिला मान होता. ती मोठी कडक होती. जेवणाच्या वेळेखेरीज मुलींना ती घोटभर पाणीही पिऊ देत नसे. आज हाती मद्य नाही म्हणून तुम्ही पाणी पिता. उद्या लग्न होऊन कोठाराच्या किल्ल्या हाती आल्या की पाणी नकोसे होईल, पण सवय तशीच राहील, असे तिचे म्हणणे असे.

एवढी शिस्त असूनही व्हायचे ते झालेच. पिंपातून द्राक्षारस काढून आणण्यास आईवडील मोनिकेला पाठवीत. भांड्यात ओतण्यापूर्वी ती गंमत म्हणून ओठ ओले करू लागली. रोजच्या थेंबाथेंबाने ही सवय पेलाभर मद्यापर्यंत गेली. घरात कोणालाच ह्याचा पत्ता नव्हता. ठाऊक होते ते फक्त तिच्याबरोबर कोठारात जाणाऱ्या एका तरुण दासीला. एके दिवशी दोघींची बाचाबाची झाली आणि रागाच्या भरात त्या दासीने आपल्या छोट्या मालकिणीला बेवडी म्हणून हिणवले. तो शब्द मोनिकेच्या जिव्हारी लागला. तिने स्वतःकडे पाहिले आणि ती सवय तेथल्या तेथे सोडून दिली. ऑगस्टीनने ह्या प्रसंगावर बरेच चिंतन केले आहे. दासीला मालकिणीचे भले करावयाचे नव्हते, तिला केवळ दुखवावयाचे होते, आणि तरीही परमेश्वराने त्याच शब्दाने मोनिकेला बरे केले, असे तो म्हणतो. मला ह्यात आणखी एक गोष्ट दिसते. घरात जे सर्वांना ठाऊक असायला हवे ते पुष्कळदा एकालाच ठाऊक असते आणि तो एक जण ते भांडणात बोलून दाखवितो.

वयात आल्यावर मोनिकेचे लग्न पॅट्रिशियस ह्याच्याशी झाले. तो तागास्तेच्या नगरसभेचा सदस्य होता. थोडीफार जमीन, गावात मान आणि त्या मानाने बेताचे उत्पन्न अशी त्याची स्थिती होती. तो ख्रिस्ती नव्हता. स्वभावाने तो मायाळू होता, पण तितकाच शीघ्रकोपी. शिवाय तो पत्नीशी एकनिष्ठ राहिला नाही. अशा घरात मोनिका सून म्हणून आली.

पहिली अडचण नवऱ्यापेक्षा सासूची निघाली. सासूबाई मुळात वाईट नसाव्यात. पण घरातील काही दासींनी त्यांचे कान भरले. सून अशी बोलली, सून तसे वागली, असे रोज काही ना काही त्यांच्या कानी जाऊ लागले. नव्या सुनेविषयी सासूच्या मनात आधीच थोडी धाकधूक असते, हे आपल्या घरांत कोणाला सांगावयास नको. चहाडीला तेवढा ओलावा पुरतो. मोनिकेने काय केले? तिने प्रत्युत्तर दिले नाही, नवऱ्याकडे गाऱ्हाणे नेले नाही, सासूशी अबोलाही धरला नाही. ती सासूची सेवा करीत राहिली, सहन करीत राहिली आणि नम्रपणे वागत राहिली. हे किती महिने किंवा वर्षे चालले ते ऑगस्टीन सांगत नाही. अखेरीस सासूबाईंनाच उमजले की, घरातील शांतता सुनेने बिघडविलेली नसून ह्या तिऱ्हाईत जिभांनी बिघडविलेली आहे. त्यांनी स्वतः मुलाला बोलावून दासींची तक्रार केली. पॅट्रिशियसने दासींना फटके मारविले. सासूबाईंनी वर अशी ताकीद दिली की, मला खूश करण्यासाठी माझ्या सुनेविषयी जी कोणी वाईट बोलेल तिने हेच बक्षीस मिळेल असे समजावे. त्यानंतर कोणी तसे धाडस केले नाही आणि सासूसुना अतिशय गोडीने नांदल्या.

ही कथा वाचून समाधान वाटते, पण पुरते नाही. फटके खाणाऱ्या त्या स्त्रिया गुलाम होत्या. त्यांना स्वतःचे घर नव्हते. मालकिणीच्या मर्जीवर त्यांचे पोट होते, आणि चहाडी हे मर्जी राखण्याचे त्यांच्या हातातील एकमेव साधन असावे. त्यांची बाजू कोणी लिहून ठेवलेली नाही. आज आपल्या घरांत दासी नाहीत, मात्र कान भरणारे आहेत. कधी ती माहेरी आलेली नणंद असते, कधी शेजारीण, कधी दुरून रोज फोन करून सल्ला देणारी मुलीची आई. सासूबाईंनी शेवटी जे केले ते फार थोड्या घरांत घडते. सुनेला दोष देणारे बोलणे त्यांनी सुनेच्या पाठीमागे ऐकून घेणे थांबविले.

मोनिकेचा आणखी एक गुण ऑगस्टीन येथेच सांगतो. दोन माणसांत वितुष्ट आले की दोन्हीकडची माणसे तिच्याजवळ येऊन मन मोकळे करीत. रागात माणूस जे कडू बोलतो ते सारे ती ऐकून घेई. पण एकीचे बोलणे दुसरीच्या कानी घालताना समेटाला उपयोगी पडेल तेवढेच सांगे. हा गुण किरकोळ वाटू शकेल, असे तो स्वतःच म्हणतो. पण ऐकलेले तर पोहोचवायचेच, वर न बोललेलेही त्यात जोडून द्यायचे, ह्याची लागण समाजात किती दूरवर झालेली आहे हे त्याने पाहिले होते.

आता पॅट्रिशियसविषयी. तो संतापला असता मोनिका त्याला कृतीने विरोध करीत नसे, शब्दानेही नाही. मात्र तिचे वागणे तेवढ्यावर थांबत नसे आणि हा भाग आपल्या प्रवचनांत बहुधा गळून जातो. त्याचा राग ओसरला, तो शांत झाला आणि ऐकण्याच्या मनःस्थितीत आला असे दिसले की ती त्याच्यापाशी जाऊन आपण तसे का वागलो हे त्याला समजावून सांगे. म्हणजे तिचे मौन वेळ पाहून सुटणारे होते. आपल्या मराठीत मौन आणि अबोला हे दोन वेगळे शब्द आहेत हे बरे आहे. अबोल्यात दुसऱ्याला शिक्षा करण्याचा हेतू असतो. चूल पेटते, ताट वाढले जाते, मुलांमार्फत निरोप जातात, पण नजर मिळत नाही. मोनिकेच्या घरी असा अबोला होता असे कोठे दिसत नाही.

तागास्तेतील इतर स्त्रियांची स्थिती निराळी होती. ज्यांचे नवरे पॅट्रिशियसपेक्षा शांत स्वभावाचे मानले जात, अशांच्याही चेहऱ्यांवर माराचे वळ असत. त्या एकत्र जमल्या की नवऱ्यांच्या वागण्याची चर्चा करीत. मोनिका त्यांच्या जिभेला दोष देई. विवाहाचा करारनामा वाचून दाखविला गेला त्या क्षणापासून आपण दासी झालो असे समजा आणि मालकापुढे ताठ उभ्या राहू नका, असे ती थोड्या विनोदाच्या सुरात, पण मनापासून सांगे. पॅट्रिशियसचा तापट स्वभाव गावाला ठाऊक होता. तरीही त्याने पत्नीवर हात उगारला किंवा त्यांच्या घरात एक दिवस तरी भांडण माजले असे कोणी ऐकले नव्हते. त्याचे त्या स्त्रियांना आश्चर्य वाटे. त्या कारण विचारीत आणि ती आपली रीत सांगे.

येथे थोडे थांबणे मला आवश्यक वाटते. नवऱ्याचा मार खाणारी एखादी स्त्री धर्मग्रामात मदतीसाठी येते तेव्हा तिला मोनिकेचा दाखला देऊन घरी परत पाठविण्याची रीत आपल्याकडे होती आणि ती पूर्णपणे गेलेली नाही. हा त्या दाखल्याचा दुरुपयोग आहे. मोनिकेने तो सल्ला चौथ्या शतकात दिला. कायदा, समाज आणि नातलग ह्यांपैकी कोणीही तेव्हा त्या स्त्रीच्या बाजूला उभे नव्हते. जिवंत राहण्याचा तिला सुचलेला तो एक मार्ग होता. स्वतः मोनिकेला मार बसत नव्हता हेही विसरता येणार नाही. दिवंगत पोप फ्रान्सिस ह्यांनी २०१६ साली कुटुंबाविषयी लिहिलेल्या आमोरिस लेतित्सिया ह्या पत्रात घरातील स्त्रियांवरील हिंसेचा स्पष्ट निषेध केला आहे. हिंसा आणि गंभीर अन्याय ह्यांपासून पत्नीचे व मुलांचे रक्षण करण्यासाठी वेगळे राहणे अटळ, आणि कधी कधी नैतिक दृष्ट्या आवश्यक, ठरू शकते असेही त्यात म्हटले आहे. वळ उठलेल्या चेहऱ्यापुढे मोनिकेचे नाव घेणाऱ्याने ते पत्र अगोदर वाचावे.

नवऱ्याच्या बाहेरख्यालीविषयीही मोनिकेने कधी तंटा केला नाही. तो देवावर विश्वास ठेवू लागला की निष्ठाही शिकेल, अशी ती वाट पाहत राहिली. मनात काय झाले असेल ते तिने मुलालाही सांगितलेले दिसत नाही. मात्र ह्या न बोलण्याचा ताण घरात दुसऱ्या एका ठिकाणी उमटला, तो मुलांच्या संगोपनात.

ह्या जोडप्याला तीन मुले होती : ऑगस्टीन, नॅव्हिगियस आणि एक मुलगी. मुलीचे नाव ऑगस्टीनने सांगितलेले नाही. पुढे ती विधवा झाल्यावर हिप्पो येथील धर्मभगिनींच्या मठाची प्रमुख झाली. ऑगस्टीनचा जन्म १३ नोव्हेंबर ३५४ रोजी झाला. मोनिकेने दुधाबरोबरच त्याला ख्रिस्ताचे नाव पाजले. वडील सोडून सारे घर श्रद्धावंत होते. पॅट्रिशियसने पत्नीला कधी अडविले नाही, पण तो स्वतः बाजूलाच राहिला. मुलाचा खरा पिता पॅट्रिशियस न ठरता परमेश्वर ठरावा म्हणून आई धडपडत होती, असे ऑगस्टीन लिहितो. हे वाक्य भक्तीचे आहे, पण त्यामागे एक उंबरठा दिसतो. त्याच्या एका बाजूला आई आणि दुसऱ्या बाजूला बाप उभा आहे. मिश्र विवाहाच्या घरांतील मुले हा उंबरठा चांगला ओळखतात.

ऑगस्टीन सोळा वर्षांचा असताना, इ.स. ३७० मध्ये, वर्षभर घरी बसून होता. कार्थेजच्या शिक्षणासाठी वडील ऐपतीबाहेर जाऊन पैसे जमवीत होते. एके दिवशी सार्वजनिक स्नानगृहात मुलगा वयात आल्याचे वडिलांच्या लक्षात आले. आता नातवंडे दिसणार ह्या आनंदात त्यांनी घरी येऊन ते पत्नीला सांगितले. मोनिकेच्या अंगावर काटा आला. तिने मुलाला एकान्तात बोलावून स्त्रियांपासून, विशेषतः परस्त्रीपासून, दूर राहण्यास बजाविले. मुलाला ती बायकी बडबड वाटली. एका छपराखाली बाप हसत होता, आई घाबरली होती आणि मुलगा दोघांचेही ऐकत नव्हता. तिघांनी एकत्र बसून ह्या विषयावर बोलावे असे कोणाच्याही मनात आले नाही. पुढे ऑगस्टीनने येथे आईलाही दोष दिला आहे. धोका दिसत असूनही तिने त्याचे लग्न करून देण्याचा आग्रह धरला नाही, कारण लग्नाची बेडी पडली तर शिक्षण खुंटेल अशी भीती तिलाही वाटली.

थोड्याच काळात पॅट्रिशियस वारला. आयुष्याच्या अखेरीस त्याने ख्रिस्ती श्रद्धा स्वीकारली होती. श्रद्धावंत झाल्यावर त्याच्याकडून मोनिकेला पूर्वीसारखे काही सोसावे लागले नाही, एवढेच ऑगस्टीन सांगतो. चाळिशीच्या उंबरठ्यावर ती विधवा झाली. गावातील धनिक रोमानियानस ह्याच्या मदतीने तिने मुलाचे शिक्षण चालू ठेवले.

कार्थेजहून ऑगस्टीन परतला तो एकटा नव्हता. त्याच्यासोबत एक स्त्री होती, जिच्याशी त्याने विवाह केला नव्हता, आणि अदिओदातस नावाचा लहानगा मुलगा होता. शिवाय तो मानी पंथाचा अनुयायी झाला होता. प्रकाश आणि अंधार अशा दोन शक्ती मानणारा हा पंथ ख्रिस्ती श्रद्धेची टवाळी करी. मोनिकेने त्याला घरात घेण्यास आणि एका पंगतीला बसविण्यास नकार दिला. आयुष्यभर सौम्यपणे वागलेल्या ह्या स्त्रीने आपल्या लाडक्या मुलाला दार बंद केले. तिने दिलेले कारण त्याची पाखंडी मते हे होते. त्या स्त्रीचा उल्लेख ह्या प्रसंगात येत नाही.

मग तिला एक स्वप्न पडले. ती एका लाकडी पट्टीवर उभी राहून शोक करीत आहे, एक तेजस्वी तरुण तिची विचारपूस करतो, आणि ती मागे वळून पाहते तो ऑगस्टीन त्याच पट्टीवर तिच्याशेजारी उभा आहे. हे ऐकून ऑगस्टीन हसला. म्हणजे एक दिवस तूच माझ्या पंथात येणार, असा त्याने अर्थ काढला. मोनिकेने क्षणाचाही विलंब न लावता उत्तर दिले की, ती जेथे आहे तेथे तो असेल असे तिला सांगण्यात आले आहे. तो जेथे आहे तेथे ती असेल असे नव्हे. ह्या हजरजबाबी उत्तराचा परिणाम आपल्यावर स्वप्नापेक्षाही अधिक झाला, अशी कबुली तो देतो. मतभेद तसाच राहिला, पण मोनिकेने दार उघडले आणि मायलेक पुन्हा एका घरात राहून एका पंगतीला जेवू लागले. मोनिकेच्या आयुष्यातील हा निर्णय मला सर्वांत धाडसाचा वाटतो.

ह्याच सुमारास ती एका बिशपकडे गेली आणि त्यांनी ऑगस्टीनशी वाद घालून त्याला वळवावे अशी विनवणी करू लागली. ते बिशप स्वतः लहानपणी मानी पंथात वाढले होते. त्यांनी नकार दिला. मुलगा अजून शिकण्याच्या मनःस्थितीत नाही, त्याला त्याच्यावर सोडून दे, फक्त प्रार्थना कर, असे त्यांनी सांगितले. ती ऐकेना, रडत राहिली, तेव्हा ते थोडे त्रासलेच. आणि इतक्या अश्रूंचा पुत्र नष्ट होणे शक्य नाही अशा अर्थाचे आश्वासन देऊन त्यांनी तिला निरोप दिला. ते आश्वासन जगप्रसिद्ध झाले. त्याआधीचा सल्ला, मुलामागची भुणभुण थांबवावी हा, तितका प्रसिद्ध झाला नाही.

इ.स. ३८३ मध्ये ऑगस्टीनने रोमला जाण्याचे ठरविले. मोनिका कार्थेजच्या किनाऱ्यापर्यंत त्याच्यामागे आली. तू तरी राहा नाहीतर मला तरी ने, असा तिचा हट्ट होता. तिच्या तोंडावर नाही म्हणण्याचे धैर्य एकोणतिसाव्या वर्षीही त्याच्यात नव्हते. एका मित्राचे गलबत सुटेपर्यंत त्याच्यासोबत थांबतो, असे खोटे सांगून त्याने तिला जवळच्या संत सिप्रियनच्या स्मृतिमंदिरात रात्र काढण्यास राजी केले. ती रात्रभर प्रार्थना करीत होती. पहाटे वारा अनुकूल झाला, गलबत निघून गेले आणि किनारा रिकामा झाला. ती दुःखाने वेडीपिशी झाली. ह्या खोटेपणाबद्दल ऑगस्टीनने देवाची क्षमा मागितली आहे. मात्र आपल्यावरील तिची माया नको तितकी धरून ठेवणारी होती हेही तो नोंदवितो.

दोन वर्षांनी, ३८५ मध्ये, ती समुद्र ओलांडून मिलानला त्याच्याकडे पोहोचली. वाटेत वादळ झाले तेव्हा घाबरलेल्या खलाशांनाच तिने धीर दिला. ऑगस्टीनने आता मानी पंथ सोडला होता, पण तो ख्रिस्ती झालेला नव्हता. मिलानचे बिशप संत अॅम्ब्रोज ह्यांच्याविषयी तिला फार आदर वाटू लागला. आफ्रिकेतील रिवाजाप्रमाणे ती हुतात्म्यांच्या कबरींवर लापशी, रोटी आणि द्राक्षारस घेऊन गेली असता द्वारपालाने तिला अडविले. बिशपांनी ही प्रथा बंद केल्याचे कळताच तिने एक अक्षरही न बोलता टोपली परत नेली.

आणि मग ह्या चरित्रातील सर्वांत अवघड प्रकरण येते. ऑगस्टीन आता मिलानमध्ये राजदरबारचा वक्तृत्वाचा अध्यापक होता. चांगल्या घरची मुलगी, थोडा हुंडा आणि पुढे एखादा अधिकाराचा हुद्दा अशी स्वप्ने होती. विवाह झाला की तो बाप्तिस्माही घेईल अशी मोनिकेची आशा होती. लग्न जुळविण्यात तिचाच पुढाकार होता. वधू ठरली, पण ती कायद्याने विवाहयोग्य होण्यास अजून सुमारे दोन वर्षे होती, म्हणजे ती दहा वर्षांची बालिका होती. ह्या लग्नाला अडथळा म्हणून, कार्थेजपासून जी स्त्री ऑगस्टीनसोबत राहत आली होती तिला आफ्रिकेला परत पाठविण्यात आले. सुमारे तेरा-चौदा वर्षे ती त्याच्याशी एकनिष्ठ राहिली होती. दुसऱ्या पुरुषाशी कधीही संबंध ठेवणार नाही असे व्रत घेऊन ती गेली. मुलगा अदिओदातस बापाजवळ राहिला. आपले काळीज फाटले आणि रक्त वाहत राहिले, अशा अर्थाचे शब्द ऑगस्टीनने लिहिले आहेत. तिचे नाव मात्र त्याने कोठेही लिहिले नाही.

त्या दिवशी घरात कोण काय बोलले, आजीने नातवाला काय सांगितले, ती स्त्री आणि मोनिका ह्यांनी एकमेकींचा निरोप घेतला की नाही, ह्यांतील एकही ओळ आपल्यापाशी नाही. कदाचित कोणी काही बोललेच नसेल. त्या काळच्या रोमन समाजात अशी संगत सर्रास होती, आणि हुद्द्याच्या विवाहासाठी ती मोडणे कोणाला लाजिरवाणे वाटत नसे. एवढे सारे मान्य करूनही मला असे वाटते की, मोनिकेने ह्या एका स्त्रीला, सासुरवासाची झळ स्वतः सोसलेली असताना, ओळखावयास हवे होते. ख्रिस्तसभा तिला संत मानते आणि तरीही हे म्हणता येते. संतांच्या आयुष्यात एखादी खोली अंधारी असू शकते.

ते लग्न झालेच नाही. ३८६ च्या उन्हाळ्यात मिलानमधील बागेत ऑगस्टीनचे परिवर्तन झाले. तो लगेच आत जाऊन आईला भेटला आणि झालेला वृत्तान्त त्याने तिला सांगितला. त्याने विवाह आणि हुद्दा ह्या दोहोंचा त्याग केला होता. ज्या नातवंडांची तिने वाट पाहिली होती ती आता होणार नव्हती. पण तिला आनंद झाला तो त्याहून मोठा.

त्या शरद ऋतूत सारी मंडळी कॅसिसियाकम येथील एका मित्राच्या वाड्यात राहिली. ऑगस्टीन, त्याचे शिष्य, भाऊ नॅव्हिगियस, पुत्र अदिओदातस असे सारे तेथे तत्त्वज्ञानाची चर्चा करीत. मोनिका सर्वांची आई होऊन त्यांचे खाणेपिणे पाही, आणि चर्चेत बसून असे काही बोले की शिकलेली मंडळी थक्क होत. ऑगस्टीनच्या वाढदिवशी सुरू झालेला सुखी जीवनाविषयीचा संवाद त्याने लिहून ठेवला आहे आणि त्यात ती प्रत्यक्ष भाग घेते. घरात तिचे म्हणणे सर्वांनी गंभीरपणे ऐकले असा एवढा सविस्तर प्रसंग दुसरा सापडत नाही. तेव्हा ती पंचावन्न वर्षांची होती. ३८७ च्या पास्काच्या रात्री संत अॅम्ब्रोज ह्यांच्या हस्ते ऑगस्टीन आणि अदिओदातस ह्यांचा बाप्तिस्मा झाला.

मायलेक आफ्रिकेला परतण्यासाठी रोमजवळील ओस्तिया बंदरावर थांबले होते. तेथे एका खिडकीपाशी उभे राहून, खाली बाग पाहत, दोघे बराच वेळ अनंत जीवनाविषयी बोलले. इतकी वर्षे मनात राहिलेले दोघांमधले सारे जणू त्या दिवशी मोकळे झाले. पाचेक दिवसांतच तिला ताप आला. परदेशात न मरता स्वदेशी मरण यावे असे नॅव्हिगियस बोलून गेला, तेव्हा तिने त्याच्याकडे रागाने पाहिले. पूर्वी तिने तागास्तेला पॅट्रिशियसच्या शेजारी स्वतःसाठी कबरीची जागा राखून ठेवली होती. आता तिने सांगितले की, देह कोठेही पुरा, त्याची चिंता करू नका. फक्त जेथे असाल तेथे प्रभूच्या वेदीपाशी माझे स्मरण ठेवा. आजारपणात ऑगस्टीन तिची शुश्रूषा करीत होता. त्याने आयुष्यात आपल्याला एकही कठोर शब्द ऐकविला नाही, असे ती पुन्हा पुन्हा म्हणाली. कार्थेजच्या किनाऱ्यावरची रात्र तिने त्या हिशेबात धरली नाही.

आजाराच्या नवव्या दिवशी, वयाच्या छप्पन्नाव्या वर्षी, तिचे देहावसान झाले. अदिओदातसने मोठ्याने हंबरडा फोडला; वडीलधाऱ्यांनी त्याला गप्प केले. ऑगस्टीनने डोळ्यांतले पाणी प्रयत्नाने अडविले, दफनविधीतही तो रडला नाही, मन हलके व्हावे म्हणून त्याने स्नान केले, पण त्याचाही उपयोग झाला नाही. रात्री झोप लागून उठल्यावर, एकटा असताना, तो आईसाठी रडला.

ओस्तियात तिला पुरले. १४३० साली पोप पाचवे मार्टिन ह्यांच्या काळात तिचे अवशेष रोमला नेण्यात आले आणि आज ते तेथील संत ऑगस्टीनच्या चर्चमध्ये आहेत. आपल्या बाजूला पाहावयाचे तर जुन्या गोव्यात १६०६ साली ऑगस्टिनियन संघाचे आर्चबिशप आलेशो दी मेनेझिस ह्यांनी उभारावयास घेतलेला धर्मभगिनींचा भव्य मठ तिच्याच नावाने, सांता मोनिका म्हणून, ओळखला जातो. १९४५ साली ओस्तियात संत ऑरेआच्या चर्चजवळ मुले खेळण्यासाठी जमीन खणत असता तिच्या कबरीवरील मूळ शिलालेखाचा एक तुकडा हाती लागला.

एवढ्या मोठ्या कन्फेशन्समध्ये ऑगस्टीनने आईचे नाव एकदाच घेतले आहे. ते तिच्या मृत्यूच्या प्रकरणाच्या अगदी शेवटी येते. आपला ग्रंथ वाचणाऱ्या सर्वांनी परमेश्वराच्या वेदीपाशी त्याच्या आईवडिलांचे स्मरण करावे अशी विनंती तो करतो, आणि त्या ठिकाणी मोनिका व पॅट्रिशियस ही दोन्ही नावे त्याने एकाच ओळीत, शेजारी शेजारी लिहिली आहेत.